तीनशे बारा वाक्यं

बौद्धवाडी, वाटद
२ जून २०२४

चि. महेंद्र,
जयभीम.

काकाने या जमान्यात पत्र कशाला लिहिलं, असं तुला वाटेल. तुझ्या काकीने सोमवारी फोन केला होता. तू कामात होतास. कॉम्प्युटर बंद करून परत चालू करा, एवढं बोलून फोन ठेवलास. ते आम्ही केलं, एकदा नाही, दिवसभर केलं. मला फोनवर बोलता येत नाही, आणि मोबाइलवर एकेक अक्षर शोधेपर्यंत काय म्हणायचं होतं तेच निसटतं. हात मात्र चालतो. रत्नागिरी स्टँडवर बत्तीस वर्षं कंट्रोलर होतो, माइकवर आवाज आणि फळ्यावर अक्षर. आवाज घशाच्या ऑपरेशनात गेला, अक्षर राहिलं आहे. म्हणून पत्र.

तू करून दिलेला, माझ्याच आवाजातली वाक्यं बोलणारा प्रोग्रॅम बंद पडला आहे. बुद्धजयंतीला आलास, रविवारी गेलास, आणि सोमवारी सकाळी मी बटण दाबलं तर आवाजाऐवजी एक चौकट आली. इंग्रजी मजकूर कागदावर उतरवून घेतला. अर्थ असा लागतो की एक फाइल या कॉम्प्युटरवर सापडत नाही, म्हणून प्रोग्रॅम सुरू होणार नाही. फाइलचं नाव एमएसव्हीसीआर, पुढे शंभर, मग टिंब, मग डीएलएल. खाली ‘ओके’ लिहिलेलं आहे. ते दाबलं की चौकट जाते आणि काहीच होत नाही. ओके कसलं ते मला कळलं नाही.

घाई करत नाही. तुझ्या नोकरीचा व्याप मला ठाऊक आहे. पण हा प्रोग्रॅम तू स्वतः केलेला, तेव्हा तुला एका नजरेत कळेल. काय करायचं ते कागदावर क्रमाने लिहून पाठव, मी तसं करीन. बेगीन पाठवलंस तर बरं.

तुझा काका,
बाबाजी


घणसोली, नवी मुंबई
९ जून २०२४

ती. काका,
सविनय जयभीम.

पत्र मिळालं. तुमचं अक्षर बघून बरं वाटलं. फोनवर घाईत बोललो त्याबद्दल काकींना सांगा, मनावर घेऊ नका.

घाबरण्यासारखं काही नाही. कॉम्प्युटरमधला कोणताही प्रोग्रॅम सगळी कामं एकट्याने करत नाही. आपल्या मंडळाची मोठी पातेली असतात, कार्य निघालं की जो तो तीच आणतो, घरोघरी वेगळी घेत नाही. तशा काही फाइली सामायिक असतात. अनेक प्रोग्रॅम त्याच वापरतात. त्यातली एक तुमच्याकडे नाहीशी झाली आहे. विजेच्या चढउतारामुळे होतं असं कधीकधी, किंवा काहीतरी अपडेट आपोआप आलं असेल.

मी आलो असतो, पण जूनभर सुट्टी मिळणार नाही. तुम्ही असं करा, कॉम्प्युटर रत्नागिरीत एखाद्या दुकानात न्या आणि फाइलचं नाव दाखवा. नेटवर कुठेही मिळते ती, पाच मिनिटांचं काम आहे. प्रोग्रॅम माझाच आहे, आतलं सगळं मला माहीत आहे, तेव्हा खात्रीने सांगतो.

काकींना नमस्कार.

तुमचा,
महेंद्र


बौद्धवाडी, वाटद
२१ जून २०२४

चि. महेंद्र,
जयभीम.

एक वाईट झालं आहे, आणि ते माझ्या हातून झालं आहे. लिहायला चार दिवस लावले.

तुझ्या सांगण्याप्रमाणे मी सोमवारी कॉम्प्युटरचा डबा गोणपाटात बांधून एसटीने रत्नागिरीला नेला. मांडीवर ठेवून. कंडक्टर ओळखीचा निघाला. कुठे चाललात कंट्रोलरसाहेब म्हणाला. मी हाताने डबा दाखवला, त्याला वाटलं विकायला नेतोय.

दुकानातला पोरगेला माणूस वाईट नव्हता. फाइलच्या नावाची चिठ्ठी वाचली, हसला, म्हणाला, “ही होय, ही तर रोज कोणाची ना कोणाची हरवते.” नेटवरून कुठून तरी ती फाइल उतरवली आणि बसवली. प्रोग्रॅमची खिडकी उघडली. माझं पहिलं बटण मला दिसलं. मी हात पुढे नेणार तोच पडदा भरून जाहिराती यायला लागल्या, एकावर एक. मग काहीच उघडेना. फाइलींची नावं बदलून भलतीच झाली. तो म्हणाला, फाइलबरोबर व्हायरस आला, आजोबा. फॉरमॅट मारावा लागेल.

मग त्याने विचारलं, “आत महत्त्वाचं काही आहे का?”

मी जोरात मान हलवली. त्याने ती ‘नाही’ची समजली असावी. मी पिशवीतून पाटी काढली. पाटी निघाली, खडू निघेना, पिशवीच्या तळाला गेला होता. खडू हातात येऊन ‘आवाज’ एवढं लिहून होईपर्यंत त्याने बटण दाबलेलं होतं. मी टेबलावर हात आपटला. त्याने दचकून बघितलं. दुकानातल्या दोन बायांनीही बघितलं. एखादा झिंगलेला म्हातारा असावा तसं.

बत्तीस वर्षं माझ्या एका शब्दावर पन्नास-पन्नास माणसं फलाट बदलून धावली. त्या दिवशी मला ‘थांब’ म्हणता आलं नाही.

कॉम्प्युटर आता स्वच्छ आहे. पडद्यावर हिरवा डोंगर आहे, दुसरं काही नाही. माझी तीनशे बारा वाक्यं गेली. तुझ्याकडे नक्कल असणारच, तू असा विसराळू नाहीस. ती पाठवशील का? परत मिळेपर्यंत मी तुझ्या काकीसमोर फार जात नाही.

काका


घणसोली
२९ जून २०२४

ती. काका,

तुम्ही स्वतःला दोष देऊ नका. दुकानदाराने नीट विचारायला हवं होतं. आजकाल सगळे असेच आहेत.

आवाजाची काळजी करू नका. माझ्याकडे आहे, जुन्या सामानात कुठेतरी असेल, सवडीने शोधून पाठवतो. तोवर पाटी आहेच. काकी तर शाळेत बालवाडी चालवायच्या, तुमचं सुंदर अक्षर त्यांना वाचायला कसला त्रास. मोबाइलमध्येही एक अॅप येतं, आपण मराठीत टाइप केलं की ते बोलून दाखवतं. दीक्षाताईला सांगा, ती कल्याणहून आली की घालून देईल. एका दृष्टीने ते आपल्या प्रोग्रॅमपेक्षा बरं, त्यात वाक्यांची मर्यादा नाही.

तेव्हा अगदी अडून बसण्यासारखं काही नाही ना? पावसाळा झाला की मी स्वतःच येतो.

महेंद्र


बौद्धवाडी, वाटद
६ जुलै २०२४

चि. महेंद्र,
जयभीम.

अडून बसण्यासारखं काही नाही ना, असं तू विचारलं आहेस. तुझी चूक नाही. आम्ही लपवलं, म्हणून तू तसं विचारलंस. आज लिहून टाकतो.

तुझी काकी पाटी वाचू शकत नाही. तिला दिसत नाही. साखरेने डोळे खाल्ले. गेल्या दिवाळीच्या आधी एक गेला, माघात दुसऱ्यावर पडदा आला. उजेड आणि सावली एवढं कळतं. पोटची पोर असून दीक्षाला सांगितलेलं नाही. सांगितलं तर ती दुसऱ्या दिवशी येऊन आम्हाला दोघांना कल्याणला नेईल, तिथे दोन खोल्यांत सासू, सासरे, दोन मुलं. तुझ्या काकीने मला शपथ घातली आणि मी ती पाळली. शपथ पाळली असं म्हणतो. खरं म्हणजे मलाही घर सोडायचं नव्हतं, म्हणून पाळायला सोपी गेली. डॉक्टर म्हणाला होता, बेगीन आलात तर बघता येईल. त्यालाही आता पाच महिने झाले.

तर आमच्या घरात एकाला बोलता येत नाही आणि एकीला दिसत नाही. मधे तो कॉम्प्युटर होता. मी बटण दाबायचो, ती ऐकायची. तीनशे बारा वाक्यांत संसार बसत नाही असं कोणाला वाटेल, पण आमचा बसत होता. तू गंमत म्हणून स्टँडवरच्या घोषणा भरून घेतल्या होत्यास, त्याही कामाला यायच्या. ती चुलीपुढे पेंगली की मी ‘प्रवाशांनी कृपया लक्ष द्यावे’ दाबायचो. जेवायला बसायचं असलं की ‘गाडी फलाट क्रमांक तीनवर लागत आहे’. ती म्हणायची, “लागू दे, मी काय तिकीट काढून बसल्येय?” आणि हसायची.

मोबाइलचं अॅप आम्ही करून बघितलं. वरच्या वाडीची गोदा दूध घालायला येते, तिच्या सुनेने घालून दिलं. मी टाइप केलं, ‘औषध घेतलंस का’. फोनमधून एक बाई बोलली. तुझी काकी म्हणाली, “कोण आलीय घरात?” गोदा हसली. काकी हसली नाही. ते काढून टाका म्हणाली.

आता गोदा माझी पाटी वाचून दाखवते. सकाळी एकदा. चौथी शिकलेली आहे, अडखळत वाचते, मनाने चांगली आहे. पण नवराबायकोचं सगळंच गोदेच्या तोंडून कसं बोलायचं? परवा तुझ्या काकीने न बघता गरम भांडं धरलं, हात भाजला. मी रागावलो. रागाने पाटीवर नको ते लिहिलं. मग गोदा आली आणि तिने ते वाचलं, शब्द न् शब्द, परक्या बाईच्या आवाजात. तुझी काकी मान खाली घालून ऐकत होती. मला पाटी पुसायची होती, पण गोदेच्या हातात होती.

म्हणून विचारतो, नक्कल सापडली का? सवडीने नको. उद्याच्या उद्या शोध.

काका


घणसोली
१३ जुलै २०२४

ती. काका,

तुमचं पत्र बुधवारी मिळालं. तीन दिवस खिशात घेऊन फिरतोय. फोन करायला घेतला होता, काकींनी उचलला, मी काही न बोलता ठेवला. आता सगळं लिहितो. वाचून तुम्ही काय म्हणाल ते म्हणा.

नक्कल माझ्याकडे नाही. जुन्या सामानात नाही, कुठेच नाही. आवाज मी माझ्या फोनवर भरून घेतला होता, तो फोन बदलला तेव्हा पुसून टाकला. ‘आहे’ असं लिहिताना मला हे माहीत होतं. वेळ मिळाला तर काहीतरी सुचेल, एवढाच विचार होता.

फाइल विजेने गेली नाही. मी काढली. बुद्धजयंतीच्या दुसऱ्या दिवशी तुम्ही म्हणालात, कॉम्प्युटर हळू चालतो. पडवीत चारपाच माणसं बसलेली होती, मला बघत होती. मी यादी उघडली. त्यात एकाच लांबलचक नावाच्या चार ओळी होत्या, पुढे फक्त वर्षं वेगळी. मी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालो, “हे बघा, एकच गोष्ट चार वेळा, म्हणून जड झालाय.” आणि तीन काढून टाकल्या. त्या जुन्या, निरुपयोगी नव्हत्या. प्रत्येक ओळ म्हणजे सामायिक फाइलींचा वेगळा संच होता, आणि आपला प्रोग्रॅम त्यातल्या एकावर उभा होता. काढल्यावर तुमचं एक बटण दाबून बघायला हवं होतं. नाही बघितलं. रात्रीची गाडी होती म्हणून घाईत होतो. तुमच्या पहिल्या पत्रात फाइलचं नाव वाचलं तेव्हाच मला शंका आली होती, आणि तरी मी तुम्हाला दुकानात पाठवलं. आलो असतो तर तुमच्यासमोर ती यादी उघडावी लागली असती.

याहून वाईट आता लिहितो. तो प्रोग्रॅम मी केलेला नाही.

मी कंपनीत इंजिनियर नाही, काका. लोकांचे कॉम्प्युटर अडले की फोन घेतो आणि बंद करून चालू करा असं सांगतो. प्रोग्रॅम नम्रता तांबे नावाच्या मुलीने केला. ती आमच्याच मजल्यावर होती, ती खरी प्रोग्रॅमर. तुमच्या ऑपरेशनची हकिगत ऐकून म्हणाली, आवाज आधी भरून घे, पुढचं मी बघते. तीन आठवडे काम संपल्यावर थांबून तिने तुमची वाक्यं कापली, बटणं केली. सुरुवातीला एक पान उघडायचं, त्यावर तिचं नाव होतं. मी तिला म्हटलं, काकांना इंग्रजी पानाचा गोंधळ होतो, ते काढून टाक. तिने काढलं. मग मी गावी आलो, आणि विहारात तुम्ही सगळ्यांनी मला शाल दिलीत. ती शाल घेताना एक शब्द बोलायचा होता. एवढाच.

नंतर तिला माझा शाल घेतानाचा फोटो कुठूनतरी दिसला. तिने विचारलं नाही, बोलणं बंद केलं. आता ती दुसऱ्या कंपनीत आहे.

मे महिन्यात काकींनी चहा दिला, तेव्हा कप माझ्या हाताच्या वीतभर बाजूला धरला होता. मी मोबाइल बघत होतो. तसाच हात लांबवून घेतला. आज आठवतंय.

उद्या मी नम्रताकडे जातो. ती दार लावून घेईल कदाचित.

महेंद्र


बौद्धवाडी, वाटद
२२ जुलै २०२४

महेंद्र,

पत्र पोचलं. तुझी काकी विचारत होती, “काय लिहिलंय आपल्या महेंद्रने?” गोदा दारात होती, म्हणाली, द्या वाचून दाखवते. मी पत्र सदऱ्याच्या आत घातलं. मला बोलता येत नाही याचं ऑपरेशननंतर पहिल्यांदा बरं वाटलं. तुझ्याविषयी हे मला तिला सांगावं लागलं नाही. ती अजून शेजारणीला सांगते आहे, आमचा महेंद्र काहीतरी करील.

मी रागावलो आहे. पण रागावताना माझीही मान वर होत नाही, कारण मी तुझ्या काकीच्या डोळ्यांचं जे केलं ते याहून वेगळं नाही. तूही लपवलंस, मीही लपवलं, आणि दोघांनीही ते दुसऱ्याच्या भल्यासाठी असं स्वतःला सांगितलं. काल दीक्षाला पत्र टाकलं. सगळं लिहिलं. येईल, भांडेल. भांडू दे.

माफी माझी मागू नकोस. मी एकटा असतो तर देऊन मोकळा झालो असतो. काल आषाढी पौर्णिमा, विहारात ग्रंथवाचन सुरू झालं. तिथे भिंतीवर तुझा शाल घेतानाचा फोटो आहे. लहान मुलं त्याखाली बसून ऐकतात, त्यांना दाखवतात, असं शिका म्हणून. त्या मुलीचं नाव त्या माणसांना तुझ्या तोंडून कळलं पाहिजे. ते केल्याशिवाय तिच्याकडून आलेला आवाज मी या घरात लावणार नाही. मग गोदा वाचते तेवढं पुरे.

बाबाजी


घणसोली
८ ऑगस्ट २०२४

ती. काका,

नम्रताकडे गेलो. एकदा नाही, तीनदा. पहिल्यांदा ती घरी नव्हती, असं तिच्या आईने सांगितलं. दुसऱ्यांदाही नव्हती, पण चप्पल बाहेर होती. तिसऱ्यांदा मी तुमची दोन पत्रं बरोबर नेली आणि तिच्या आईच्या हातात दिली. जिन्यावर बसून राहिलो. अर्ध्या तासाने ती बाहेर आली. डोळे पुसलेले होते, पण आवाज कोरडा.

म्हणाली, “आवाज आहे माझ्याकडे. सगळा आहे. कापायच्या आधीचा, सहा तासांचा. मी असं काही फेकत नाही.”

मी म्हटलं, “नम्रता, मी...”

“तू राहू दे. चूक माझीही आहे. ती फाइल प्रत्येक कॉम्प्युटरवर असणारच असं धरून मी प्रोग्रॅम दिला. ती प्रोग्रॅमबरोबरच द्यायला हवी होती. घाईत राहिलं.” मग म्हणाली, “मी येते वाटदला. पण तुझ्याबरोबर नाही. माझी मी येईन.”

तिने मला पूर्ण ध्वनिमुद्रण ऐकायला दिलं. वाक्यं पुन्हा निवडायची होती, नावं, आकडे कुठे आहेत ते टिपून दे म्हणाली. मी तीन संध्याकाळी बसून ऐकलं. अडीच वर्षांनी तुमचा आवाज असा सलग ऐकला. मागे पंखा बंद केल्याचा खटका, खालच्या भाजीवाल्याची हाक. आणि माझा आवाज. काका, मी दर थोड्या वेळाने तुम्हाला म्हणतोय, “पुढचं घ्या. चला. पुढचं.” तुम्ही पाणी मागता, मी म्हणतो, एवढं वाक्य होऊ दे.

अगदी शेवटी तुम्ही म्हणता, “थांब जरा. तुझ्या काकीसाठी एक वेगळं बोलायचंय.” आणि मी म्हणतो, “नंतर करू काका. आवाज बसेल तुमचा. मला खाली जायचंय.” मग खटका, आणि पुढे काही नाही.

दुसऱ्या दिवशी तुम्हाला परळला भरती केलं. नंतर असं काही उरलंच नव्हतं, हे मला त्या वेळी कळायला हवं होतं. तुम्ही कधी ते तोंडावरही आणलं नाही.

काय बोलायचं होतं, काका? विचारायचा हक्क मला नाही. तरी विचारतो.

अठरा तारखेला, रविवारी, मी विहारात येतो. सरपंच आणि मंडळाला कळवलं आहे. काय बोलणार ते लिहून काढलं होतं, पण ते फार चांगलं वाटायला लागलं म्हणून फाडलं.

महेंद्र


बौद्धवाडी, वाटद
१ सप्टेंबर २०२४

चि. महेंद्र,
जयभीम.

त्या रविवारी तू उभा राहिलास, बोललास, आणि पाणीही न पिता पाखाडीच्या पायऱ्या उतरून गेलास. मी हाक मारू शकत नव्हतो, आणि मागे धावण्याइतके पाय राहिलेले नाहीत. म्हणून तू गेल्यावर काय झालं ते लिहितो.

तुला वाटलं असेल, मागे लोक नावं ठेवतात. ठेवली असती तर बरं झालं असतं. कोणी तुझ्या फोटोकडे बघत नव्हतं, एकमेकांकडेही बघत नव्हतं. मग धोंडूची सावित्री उठली आणि म्हणाली, “ती मुलगी मागे चपलांपाशी बसलीय ती का? तिला पुढे बसवा आधी.” नम्रता पुढे यायला तयार नव्हती. आणली. शाल मात्र तिने घेतली नाही. म्हणाली, कॉम्प्युटर कुठे आहे तेवढं दाखवा. तुझा फोटो काढायचा की ठेवायचा यावर मंडळात अजून एकमत नाही. मी पाटीवर लिहून दिलं की ठेवा, आणि खाली काय झालं ते लिहा.

ती दोन दिवस आमच्याकडे राहिली. हरवलेली फाइल तिने प्रोग्रॅमच्याच कप्प्यात ठेवून दिली आहे, आता बाहेरचं कोणी काही काढलं तरी अडणार नाही म्हणाली. तीन नकला करून ठेवल्या. एक दीक्षाकडे, एक विहाराच्या कपाटात, एक तिच्याकडे. पहिल्या पानावर तिचं नाव आहे. ते मी घालायला लावलं.

दीक्षा माझं पत्र मिळालं त्याच आठवड्यात आली होती. माझ्याशी बोलली नाही, म्हणजे मीच बोलत नाही, पण तिने माझी पाटीही वाचली नाही. आईला घेऊन मुंबईच्या डॉक्टरकडे गेली. उजव्या डोळ्याला लेझर केलं. आहे ती सावली टिकेल, गेलेलं येणार नाही, असं म्हणाला. पाच महिने आधी आला असतात तर काय, हे दीक्षाने त्याला विचारलं. उत्तर तिने मला सांगितलं नाही, आणि मी मागितलं नाही. तुझी काकी कल्याणला राहायला तयार झाली नाही. परत आली.

आता तू विचारलंस ते.

मला तिचं नाव घ्यायचं होतं. दुसरं काही नाही. लग्नाला चव्वेचाळीस वर्षं झाली, मी तिला कधी नावाने हाक मारली नाही. ‘अगं’, ‘ऐकलंस का’, नाहीतर नुसतं खाकरणं. माइकवर जिल्ह्यातल्या सगळ्या गावांची नावं दिवसातून दहादा घेतली, आणि घरातल्या माणसाचं घेतलं नाही. त्या दिवशी तुझ्या खोलीत वाटलं, उद्यापासून घेता येणार नाही, तर एकदा घेऊन ठेवावं. पण तुझ्यासमोर लाज वाटत होती. म्हणून सगळ्यात शेवटी ठेवलं. तू नंतर म्हणालास तेव्हा आतून थोडं सुटल्यासारखंही झालं मला. हे तुला कळावं म्हणून लिहितो. सगळं ओझं तुझ्या एकट्याचं नाही.

नम्रताने हेच विचारलं, तिला पाटीवर लिहून दिलं. मग ती दुपारभर कानाला यंत्र लावून बसली. ‘प्रवाशांनी’मधला प्र घेतला, ‘भाट्ये’तला भा, ‘वरवडे’तला व आणि ‘क्रमांक तीन’मधला ती. जोडून एक बटण केलं.

ती गेल्यावर मी ते दाबलं. तुझी काकी तांदूळ निवडत होती, बोटांनी चाचपून निवडते हल्ली. यंत्र म्हणालं, “प्रभावती.” जोड कळत होता. प्र मोठा, ती लांब, मधे जरा अडखळ.

तिचे हात थांबले. म्हणाली, “हे तुम्ही म्हटलेलं नाही.”

मी काय करणार? ‘होय’ दाबलं.

“तुम्ही कधी म्हटलंच नाही, तर यंत्रात येणार कुठून? कोणी जोडलं? त्या मुलीने?”

परत ‘होय’.

तिने हातातले दाणे सुपात टाकले. मग म्हणाली, “एकदा म्हटलं असतंत तर तिला जोडावं लागलं नसतं.” आणि सूप पुढे ओढलं.

मला वाटलं, बटण काढून टाकावं. नम्रताला तसं कळवायला कागदही घेतला होता. दुसऱ्या दिवशी सकाळी काकी आपणहून म्हणाली, “ते कालचं काढू नका हो. असू दे.”

म्हणून आहे. मी दिवसातून एकदा दाबतो, सकाळी, गोदा यायच्या आधी. ती ओ देत नाही. पण हातात असेल ते काम ठेवते आणि तोंड माझ्या बाजूला वळवते, आणि मी पुढे काही दाबेपर्यंत तशीच बसून राहते. बहुतेक वेळा पुढे काय दाबावं ते मला सुचत नाही.

सुट्टी मिळाली की ये. दिवसाउजेडी ये, आणि या खेपेला चहा तिच्या हातातून नीट बघून घे.

तुझा काका,
बाबाजी